सिसिलिया : एका रोमन नावाची भ्रमंती

ओसरीवरची

चुलतभावाची सासुरवाडी वसईची, कॅथलिक. त्यांना मुलगी झाली आणि वहिनीने तिच्यासाठी स्वतःच्या आजीचं नाव काढलं, सिसिलिया. कुणाचीच ना नव्हती. मग काकांनी मोबाईलवर 'बाळाची नावे आणि अर्थ' छापाची एक साइट उघडली. तिथे एवढंच होतं : 'सिसिलिया, लॅटिन, अर्थ आंधळी.' झालं. फॅमिली ग्रुपवर तेव्हा जे पेटलं ते अजून विझायला तयार नाही.

साइटवरचं खोटं नाही, पण नुसतं तेवढं वाचून काहीच कळत नाही. रोमन इतिहास हा माझा जुना नाद, म्हणून जरा सविस्तर लिहिते. जाणकारांनी भर घालावी.

पहिली गोष्ट म्हणजे प्राचीन रोममध्ये मुलीसाठी नाव निवडायची भानगडच नव्हती. घराण्याचं जे नाव असेल त्याचं स्त्रीलिंगी रूप तिला आपोआप लागायचं. युलियस घराण्यातली ती युलिया, कॉर्नेलियस घराण्यातली कॉर्नेलिया आणि काइकिलियस घराण्यातली काइकिलिया. (तेव्हाच्या लॅटिनमध्ये 'C' या अक्षराचा उच्चार 'क'च होता, 'च' आणि 'स' शेकडो वर्षांनी आले.) दोन मुली झाल्या तर दोघीही काइकिलिया! एक थोरली, एक धाकटी. तिसरी झाली तर 'तेर्तिया', म्हणजे तिसरी. लग्नानंतरही नाव तेच राहायचं. थोडक्यात, काका ज्याचा अर्थ शोधत बसलेत ते मुळात आडनाव आहे.

आता त्या आडनावाचा अर्थ. लॅटिनमध्ये 'काइकुस' म्हणजे आंधळा. घराण्याचा कुणी मूळपुरुष अधू डोळ्यांचा असावा आणि त्याचं टोपणनाव पुढच्या पिढ्यांना चिकटलं असावं, असा प्रचलित समज आहे. रोमन मंडळी या बाबतीत अजिबात नाजूक नव्हती. सिसेरो म्हणजे हरभरा, स्त्राबो म्हणजे चकणा, क्रास्सुस म्हणजे जाड्या, नासो म्हणजे नाकाड्या. ज्यांना हे विचित्र वाटतं त्यांनी आपल्याकडची आंधळे, बहिरट, बोबडे, लंगडे, टकले ही आडनावं आठवावीत. आंधळ्यांची मुलगी सांगून आली म्हणून कुणी नेत्रतज्ज्ञाचा दाखला मागत नाही.

खुद्द काइकिलियस घराण्याने मात्र आपला उगम थेट देवापर्यंत नेला होता. प्राइनेस्ते (आजचं पालेस्त्रिना) हे गाव वसवणारा काइकुलुस हा आपला पूर्वज, असं ते सांगत. चुलीतली ठिणगी उडून एका मुलीला दिवस गेले, म्हणून हा अग्निदेव व्हल्कनचा पोरगा. धुराने डोळे बारीक झाले म्हणून काइकुलुस. काही अभ्यासक म्हणतात की हे नाव लॅटिन नसून मूळचं एट्रुस्कन (रोमच्या शेजारच्या एका जुन्या लोकांचं) असावं आणि 'आंधळा' हा अर्थ नंतर जोडला गेला असावा.

या घराण्याची मेतेल्लुस नावाची शाखा रोमन प्रजासत्ताकाच्या शेवटच्या दोन शतकांत फार वजनदार होती, त्यामुळे इतिहासात 'काइकिलिया मेतेल्ला' डझनाने सापडतात आणि वाचताना डोकं फिरतं. त्यातली एक हुकूमशहा सुल्लाची बायको. सुल्ला हर्क्युलिसच्या नावाने रोमला मेजवान्या घालत होता आणि नेमकी तेव्हाच ही मरणाला टेकली. पुरोहितांनी सांगितलं, तिच्याजवळ जायचं नाही, घराला सुतक लागता कामा नये. मग या गृहस्थाने तिला मरणशय्येवर काडीमोड धाडला आणि जिवंत असतानाच दुसऱ्या घरी हलवलं. पुढे तिच्या अंत्यविधीवर मात्र त्याने पाण्यासारखा पैसा ओतला. अंत्यविधीच्या खर्चावर मर्यादा घालणारा कायदा त्यानेच केला होता, तोही त्याने मोडला. प्लुटार्क या प्राचीन चरित्रकाराने हे लिहून ठेवलंय.

दुसरी एक काइकिलिया मेतेल्ला रोमबाहेर आप्पियन रस्त्यावर आहे. म्हणजे तिची समाधी आहे. इसवी सनापूर्वीच्या शेवटच्या काही दशकांतलं बांधकाम, चौकोनी जोत्यावर जवळपास ३० मीटर व्यासाचा प्रचंड गोल बुरूज. संगमरवरी पाटीवर फक्त एवढंच : क्विंतुस क्रेतिकुसची मुलगी, क्रास्सुसची काइकिलिया मेतेल्ला. बाप कोण आणि नवरा कोण एवढं सांगितलं की बाईची ओळख संपली. वरच्या पट्टीत बैलांची मुंडकी कोरली आहेत, त्यावरून त्या भागालाच 'कापो दी बोवे', बैलमुंडी, असं नाव पडलं. १३०३च्या सुमारास पोप बॉनिफेस आठव्याच्या नातेवाइकांनी, काएतानी घराण्याने, समाधीला तटबंदी जोडून किल्ला केला आणि रस्त्यावर वसुली चालू केली.

संत सिसिलियाबद्दल खाली वेगळ्या प्रतिसादात लिहिते, हेच फार लांबलं.

खवचट_काकू

काकांना सांगा, दगडू, धोंडू, भिकाजी ही नावं आपल्याच घरांत ठेवत होते आणि ती माणसं नव्वद-नव्वद वर्षं ठणठणीत जगली. बाकी सुल्लाचा किस्सा वाचून नवऱ्याकडे बघितलं. तो म्हणतो मेजवानी कुठे होती?

निरुक्तप्रेमी

वाचनखूण साठवली.

'काइकुस'चे नातेवाईक लांबलांबपर्यंत आहेत. जुन्या आयरिशमध्ये 'काएख' म्हणजे एका डोळ्याचा, गॉथिकमध्ये 'हाइह्स' म्हणजे तेच, आणि संस्कृतात 'केकर', म्हणजे चकणा किंवा तिरपं बघणारा. भाषाशास्त्रज्ञ हे सगळे एकाच मुळातून आल्याचं मानतात. म्हणजे मूळ शब्दात पूर्ण अंधत्वापेक्षा डोळ्यातलं व्यंग जास्त असावं. तुमचा तो बारीक डोळ्यांचा काइकुलुस यात चपखल बसतो. मराठी 'काणा' मात्र वेगळा, तो संस्कृत 'काण'वरून. उगाच घुसवू नये.

अवांतर : ज्या रस्त्यावर तुमच्या मेतेल्लाबाईंची समाधी आहे तो आप्पियन रस्ता इसवी सनपूर्व ३१२ मध्ये ज्याने सुरू केला त्याचं नावच आप्पियस क्लॉदियस काइकुस, म्हणजे आंधळा आप्पियस. तो म्हातारपणी खरोखरच दृष्टी गमावून बसला होता. त्याचा या घराण्याशी संबंध नाही, पण योगायोग झकास आहे.

डॉ_सलाईन

वैद्यकीय भर : मोठ्या आतड्याच्या सुरुवातीला जी पिशवी असते, जिला अपेंडिक्स लटकलेलं असतं, ती 'सीकम' याच शब्दावरून. एका टोकाला बंद म्हणून आंधळी. हे काकांना सांगू नका.

ओसरीवरची

@डॉ_सलाईन, अजिबात सांगणार नाही.

आता संत सिसिलिया. गोष्ट अशी. रोममधल्या खानदानी घरातली मुलगी, मनाने ख्रिस्ती. घरच्यांनी वालेरियन नावाच्या तरुणाशी लग्न लावलं. पहिल्याच रात्री तिने त्याला सांगितलं की एक देवदूत माझं रक्षण करतो, मला हात लावायचा नाही. देवदूत बघायचा असेल तर आधी बाप्तिस्मा घे. त्याने घेतला, पाठोपाठ त्याच्या भावाने, तिबुर्तियसने घेतला. दोघांनाही मृत्युदंड झाला. नंतर सिसिलियाची पाळी. आधी तिला घरच्याच न्हाणीघरात कोंडून वाफेने गुदमरवायचा प्रयत्न झाला, पण तिला घामसुद्धा फुटला नाही. मग मारेकरी आला. त्याने मानेवर तीन घाव घातले, तरी मान तुटली नाही आणि कायद्याने चौथा घाव घालायला बंदी होती. ती तशीच तीन दिवस जगली आणि राहत्या घराचं चर्च करा असं सांगून गेली. ते चर्च म्हणजे रोमच्या त्रास्तेवेरे भागातलं सांता चेचिलिया.

ही हकिगत पाचव्या शतकातल्या एका कथेत येते. तिचा सण २२ नोव्हेंबरला असतो आणि लॅटिन मिस्साच्या (कॅथलिक चर्चमधल्या उपासनेच्या) मुख्य प्रार्थनेत ज्या मोजक्या स्त्रियांची नावं घेतली जातात त्यांत ती आहे : फेलिसिटी, पर्पेतुआ, अगाथा, लुसी, अ‍ॅग्नेस, सिसिलिया, अनास्तासिया. दर मिस्साला कानावर पडणारं नाव युरोपभर पसरलं यात नवल नाही. घराणं कधीच बुडालं होतं, आडनाव म्हणून त्याचा मागमूस नव्हता. उरलं ते फक्त संताचं नाव. मुलीचं पाळण्यातलं नाव म्हणून त्याचा प्रवास खरा इथून सुरू झाला.

आणि इथे 'आंधळी' या अर्थाची अडचण फक्त आमच्या काकांनाच झाली असं नाही. तेराव्या शतकात याकोबुस दे वोराजिने या धर्मगुरूने संतचरित्रांचा मोठा संग्रह केला. त्यात तो नावाच्या फोडी करत सुटलाय : 'काएली लिलिया', स्वर्गातली कमळं (लिली हो, पण आपण कमळं म्हणू). 'काएकिस विया', आंधळ्यांसाठी वाट. 'काएकिताते कारेन्स', जिच्यात आंधळेपण नाही अशी. चौदाव्या शतकात इंग्रज कवी चॉसरने हे सगळं इंग्रजी पद्यात आणलं. व्याकरणाच्या दृष्टीने एकही फोड टिकत नाही, पण मधल्या काळातल्या शेकडो मुलींची नावं याच अर्थांवर विश्वासून ठेवली गेली. साइटवाल्याला अर्थ द्यायचाच होता तर हाही द्यायला हवा होता.

निरुक्तप्रेमी

निरुक्तकार यास्क एका शब्दाच्या तीन-तीन व्युत्पत्त्या देतो तेव्हा आपण त्याला आचार्य म्हणतो. मग याकोबुसलाच का हसायचं?

शंकासुर

एक शंका. या बाई खरोखर होऊन गेल्या का? मारेकऱ्याला चौथा घाव घालायला बंदी वगैरे वाचून कीर्तनातला आख्यानभाग वाटतो.

ओसरीवरची

@शंकासुर, रास्त शंका आहे. इसवी सन ३५४च्या संग्रहात रोममधल्या हुतात्म्यांची एक यादी आहे, तीत सिसिलिया नाही. चौथ्या शतकातले जे लेखक हुतात्म्यांवर भरभरून लिहितात तेही तिच्याबद्दल गप्प आहेत. त्यामुळे काही अभ्यासकांचा तर्क असा की काइकिलिया नावाच्या कुण्या बाईने चर्चसाठी जागा दिली असावी, जागेला तिचं नाव होतं आणि गोष्ट नंतर त्या नावाभोवती विणली गेली. दुसऱ्या बाजूने, आप्पियन रस्त्यावरच्या सान काल्लिस्तो भूमिगत दफनभूमीत काइकिलियस घराण्यातल्या लोकांचे शिलालेख सापडले आहेत आणि तिची मानली जाणारी जागाही तिथेच, पोपांच्या दफनकक्षाला लागून आहे. त्या मेतेल्लाच्या समाधीपासून चालत जाण्याच्या अंतरावर. म्हणजे नाव आणि घराणं त्या मातीतलं नक्की. बाकी ज्याने त्याने ठरवावं.

इसवी सन ८२१ मध्ये पोप पास्कल पहिल्याने तिचे अवशेष तिथून काढून त्रास्तेवेरेत आणले. तिथल्या मोझेकमध्ये पास्कल स्वतः हातात चर्चची छोटी प्रतिकृती घेऊन उभा आहे आणि त्याच्या डोक्यामागे चौकोनी तेजोवलय आहे. चौकोनी म्हणजे माणूस तेव्हा जिवंत होता.

१५९९ मध्ये कार्डिनल स्फोन्द्रातीने दुरुस्तीच्या वेळी शवपेटी उघडली. आत देह न कुजलेला सापडल्याची बातमी झाली आणि रोम लोटलं. पुढच्याच वर्षी स्तेफानो मादेर्नो या तरुण शिल्पकाराने संगमरवरात मूर्ती घडवली, ती आजही मुख्य वेदीखाली आहे. कुशीवर निजलेली मुलगी, गुडघे किंचित दुमडलेले, डोकं फडक्यात गुंडाळलेलं आणि चेहरा जमिनीकडे वळलेला, दिसतच नाही. मानेवर घावाची बारीक रेघ. संताची मूर्ती म्हटली की डोळे आभाळाला लावलेले, हात जोडलेले अशी सवय झालेल्या माणसाला ही धक्का देते. फोटो नक्की शोधून बघा.

तबकडीवाला

छान धागा, पण अजून मुद्द्याची गोष्ट आलीच नाही. ही बाई संगीताची संत आहे आणि का आहे हे भारी प्रकरण आहे.

त्या पाचव्या शतकातल्या कथेत लग्नाच्या प्रसंगाचं एक वाक्य आहे : वाद्यं वाजत असताना ती मनातल्या मनात फक्त देवासाठी गात होती. म्हणजे लग्नाचा बँड वाजत होता आणि नवरीचं त्याकडे लक्षच नव्हतं! पुढे हेच वाक्य चर्चमध्ये गायला घेतलं तेव्हा त्यातले 'मनातल्या मनात' हे शब्द गळले. उरलं, वाद्यं वाजत होती आणि सिसिलिया गात होती. त्यातलं 'ओर्गानिस', म्हणजे वाद्यं, हे ऐकून लोकांना चर्चमधला ऑर्गन आठवला. पंधराव्या शतकापासून चित्रकार तिच्या हातात ऑर्गन देऊ लागले आणि ती गवई-बजवय्यांची संत झाली. संगीताकडे कान बंद केल्याबद्दल संगीताचं अधिष्ठान मिळालेली दुसरी व्यक्ती मला माहीत नाही.

राफाएलला ही मेख ठाऊक असावी. त्याचं बोलोन्यातलं चित्र (१५१५च्या आसपासचं) बघा. सिसिलियाच्या हातात छोटा ऑर्गन आहे, पण तो खाली झुकलाय आणि त्याच्या नळ्या निसटून पडताहेत. पायाशी तार तुटलेलं व्हायोल (जुनं तंतुवाद्य), डफ, त्रिकोण, बासऱ्या अस्ताव्यस्त पडल्यात. ती वर बघतेय, आभाळात देवदूत कुठलंही वाद्य न घेता नुसतं गाताहेत.

मग पुढची यादी. फ्रान्समध्ये एव्ह्रो गावी तिच्या नावाने संगीतरचनांच्या स्पर्धा भरत, १५७५ची स्पर्धा संगीतकार ओर्लांदो दी लास्सोने मारली. १५८५ मध्ये पोप सिक्स्तुस पाचव्याने रोमच्या संगीतकारांच्या संघाला मान्यता दिली, तीच आजची सांता चेचिलिया अकादमी. लंडनमध्ये १६८३ पासून दर २२ नोव्हेंबरला तिच्या स्तुतीची नवी रचना करवून घ्यायची पद्धत पडली. संगीतकार पर्सेलने १६८३ आणि १६९२ मध्ये केल्या, कवी ड्रायडनने १६८७ मध्ये कविता लिहिली आणि तिलाच संगीतकार हँडेलने १७३९ मध्ये चाल लावली. विशेष म्हणजे इंग्लंड तेव्हा प्रोटेस्टंट, संतबिंतांना नाक मुरडणारं. पण गाण्याचा जलसा म्हटल्यावर चालतंय की.

पर्सेल वारला २१ नोव्हेंबर १६९५ ला, सणाच्या आदल्या रात्री. इंग्रज संगीतकार बेंजामिन ब्रिटन जन्मला २२ नोव्हेंबर १९१३ ला आणि त्यानेही तिच्यावर एक गीत रचलं.

खवचट_काकू

लग्नातल्या बँडकडे नवरीने दुर्लक्ष केलं म्हणून संतपद मिळणार असेल तर आमच्या वेळच्या निम्म्या नवऱ्या संत आहेत.

वाडीतला_वसईकर

आमच्या भागात हे नाव अगदी घरचं आहे. नातवंडाला आजीआजोबांचं नाव द्यायची पद्धत असल्यामुळे एकेका घरात एक पिढी सोडून सिसिलिया येतच राहते. बोलताना कुणी सिसिल म्हणतं, कुणी सिसू. मराठी वाचणाऱ्यांना तर डॉ. सिसिलिया कार्व्हालो माहीत असतीलच, वसईच्या कवयित्री आणि लेखिका. त्यांचं नाव वाचून कुणाला आंधळेपण आठवल्याचं ऐकिवात नाही.

२२ नोव्हेंबरच्या जवळच्या रविवारी आमच्या चर्चच्या गायकवृंदाचा मान असतो. मिस्सा झाला की चहा-केक, आणि मग कोण बेसूर गायलं यावर भांडण. ओसरीवरची, तुमच्या भावाला सांगा, बारशाला केक आमच्याकडून.

एक विचारायचं होतं, सेलिया हे याचंच लाडकं रूप ना? आमच्या शेजारी दोघी बहिणी आहेत, सिसिलिया आणि सेलिया.

निरुक्तप्रेमी

@वाडीतला_वसईकर, नाही. सेलिया हे काएलियस या वेगळ्या रोमन घराण्याचं नाव. रोमच्या सात टेकड्यांपैकी काएलियन टेकडीच्या नावाशी त्याचं नातं, आणि ती टेकडी काएलियस विबेन्ना या एट्रुस्कन सरदाराच्या नावाची असं रोमन लोक सांगत. पण युरोपातही शेकडो वर्षं सेलियाला सिसिलियाचं छोटं रूप समजून वापरत आले आहेत, त्यामुळे दोघी बहिणी म्हणून शोभतात.

लिफीकाठचा

मी डब्लिनला असतो, त्यामुळे आयर्लंडची बाजू मांडतो. नॉर्मन लोक (मूळ फ्रान्सच्या नॉर्मंडीतले) बाराव्या शतकात इथे आले तेव्हा सोबत 'सेसील' हे फ्रेंच रूप आणलं. आयरिश जिभेवर त्याचं झालं 'शीला'. हो, उच्चार जवळजवळ आपल्या शीलासारखाच. पुढे इंग्रजीत ते एस-एच-ई-आय-एल-ए असं लिहू लागले. ऑस्ट्रेलियात गेलेल्या आयरिश लोकांमुळे तिकडच्या बोलीत कुठल्याही बाईला 'शीला' म्हणायची टूम निघाली, आजकाल ते जरा हिणकस समजलं जातं.

आपली शीला अर्थातच 'शील'वरून, तिचा यांच्याशी काडीचा संबंध नाही. पण इंग्रज अमदानीत शाळेत नाव घालताना हेच आयरिश स्पेलिंग आयतं मिळालं आणि आपल्या कितीतरी शीला ते घेऊन हिंडल्या. दिल्लीच्या माजी मुख्यमंत्री शीला दीक्षित यांचं स्पेलिंग बघा. इथे माझ्या ऑफिसात एका आयरिश शीलाने आमच्या पुण्याच्या शीलामावशीचा ईमेल बघून 'तुमच्याकडे कॅथलिक नातेवाईक आहेत वाटतं' असं विचारलं होतं!

नॉर्मन लोकांनी इंग्लंडातही हेच केलं. इंग्लंड जिंकणाऱ्या विल्यम द कॉंकररची एक मुलगी सेसिलिया, ती फ्रान्समधल्या 'कां' शहरातल्या मठाची मठाधिपती झाली. इंग्रजांनी नावाची सिसिली, सिस्ली, सिस अशी वाट लावली. एडवर्ड चौथा आणि रिचर्ड तिसरा या दोन राजांची आई सिसिली नेव्हिल (१४१५ ते १४९५) ही त्यांतली सगळ्यांत गाजलेली.

ओसरीवरची

शीलाचं माहीत नव्हतं, मस्त! नॉर्वेत 'सिल्ये' आणि 'सिस्सेल' ही नावं सिसिलियाचीच, फिनलंडची 'सिल्या'ही. इटलीत चेचिलिया, जर्मनीत त्सेत्सीलिए, माद्रिदला गेलात तर थेथिलिआ. इटालियन रूपातली चेचिलिया गाल्लेरानी तर सगळ्यांनी बघितलेली असेल, नाव माहीत नसलं तरी. लिओनार्दोच्या चित्रात पांढरं मुंगसासारखं जनावर, म्हणजे एर्मिन, हातात धरून बसलेली ती मुलगी. चित्र १४९०च्या आसपासचं, आता पोलंडमध्ये क्राकोला आहे.

रानभुली

मी जरा चिखलातून येते.

लिनियस या जीवशास्त्रज्ञाने १७५८ मध्ये एका पाय नसलेल्या, गांडुळासारख्या दिसणाऱ्या प्राण्याच्या प्रजातीला 'सिसिलिया' असं नाव दिलं. संतबाईंवरून नव्हे, थेट 'काइकुस'वरून. डोळे कातडीखाली किंवा हाडाखाली झाकलेले, म्हणून आंधळा. आज या सगळ्या गटालाच इंग्रजीत सिसिलियन म्हणतात आणि मराठीत देवगांडूळ. नाव गांडूळ असलं तरी हा बेडकाचा भाऊबंद आहे, उभयचर. पाठीचा कणा आहे, दात आहेत. डोळा आणि नाकपुडीच्या मध्ये एक बारीकसा स्पर्शक असतो, तो आतबाहेर करत मातीतून वास घेत जातो.

आपला सह्याद्री या प्राण्यांचं माहेरघर आहे. खंडाळ्याहून एका जातीचं वर्णन १९६० मध्ये झालं, आंबोलीजवळची एक जात २००३ मध्ये, कोयनेच्या बाजूला हुंबरळीची २००४ मध्ये, तीत तर महाराष्ट्राचंच नाव गुंफलंय. गोव्यातल्या केरीची २००७ मध्ये, ती गोव्याच्या नावाने. पावसाळ्यात दगड उलटला, शेणाच्या ढिगाखाली खणलं की सापडतो. लोक सापाचं पिल्लू समजून ठेचतात. माणसाला त्याचा काही धोका नाही, कृपया मारू नका. हातात घेतला तर साबणाच्या वडीसारखा सुळकन निसटतो आणि दोन मिनिटांत मातीत गडप.

शंकासुर

संत, समाधी, आतडं आणि आता गांडूळ. काका हा धागा वाचत नाहीत ना?

नभोवाणी_नव्हे_नभ

सिसिलिया म्हटलं की आम्हा आकाशवेड्यांना एकच आठवते, सिसिलिया पेन. जन्म १९००, इंग्लंड. केंब्रिजला शिकली पण तेव्हा तिथे बायकांना पदवीच देत नसत, म्हणून अमेरिकेत हार्वर्डला गेली. १९२५च्या प्रबंधात तिने दाखवलं की तारे प्रामुख्याने हायड्रोजन आणि हेलियमचे असतात. तोवर सगळे धरून चालले होते की ताऱ्यांची घडण साधारण पृथ्वीसारखीच असणार.

यात आपला धागा असा की हे गणित तिने मेघनाद साहांच्या आयनीभवनाच्या समीकरणावर (१९२०) केलं. वर्णपटातल्या रेषा ठळक दिसतात म्हणजे ते मूलद्रव्य जास्त, असा भाबडा हिशोब तोवर होता. रेषेचा ठळकपणा तापमानावर कसा अवलंबून असतो हे साहांच्या समीकरणातून कळतं आणि मग खरं प्रमाण काढता येतं. हेन्री नॉरिस रसेल या बड्या शास्त्रज्ञाला निष्कर्ष पटेना. त्याच्या दबावाखाली तिला प्रबंधात लिहावं लागलं की हायड्रोजनचं हे प्रमाण बहुधा खरं नसावं. चार वर्षांनी, १९२९ मध्ये, रसेल दुसऱ्या वाटेने त्याच निष्कर्षाला पोचला आणि बरीच वर्षं श्रेय त्याच्या नावावर फिरत राहिलं. तिला हार्वर्डमध्ये पूर्ण प्राध्यापकपद मिळायला १९५६ उजाडलं.

मांडवीपार

गोव्याच्या बाजूने एक. पोर्तुगीजमध्ये सेसीलिया, आमच्या जुन्या घरांतल्या कागदपत्रांत हे नाव खूप दिसतं. आणि ब्राझीलची मोठी कवयित्री सेसीलिया मेइरेलेस (१९०१ ते १९६४). ती १९५३ मध्ये भारतात येऊन गेली आणि इथल्या प्रवासावर तिने एक अख्खा कवितासंग्रह लिहिला. रवींद्रनाथांच्या साहित्याचे पोर्तुगीज अनुवादही केले. गांधीजी गेले तेव्हा तिने शोककविता लिहिली होती.

शंकासुर

शेवटचा प्रश्न विचारतो आणि झोपतो. मुलगी सिसिलिया तर मुलगा सेसिल, बरोबर ना?

निरुक्तप्रेमी

दिसतं तसं नाही. इंग्लंडमधलं प्रसिद्ध सेसिल घराणं, म्हणजे पहिल्या एलिझाबेथ राणीचा मंत्री विल्यम सेसिल वगैरे, हे मूळचं वेल्सच्या सीमेवरचं. त्यांचं नाव वेल्श 'सेइसिल्ट'वरून आलं आणि ते लॅटिन 'सेक्स्तिलियस'वरून, म्हणजे शेवटी 'सेक्स्तुस', सहावा. नंतर सेसिल हे पहिलं नाव म्हणून वापरात आलं तेव्हा लोकांनी ते सिसिलियाचं पुल्लिंग समजून घेतलं. काइकिलियसवरून आलेला खरा पुरुष म्हणजे पोलिश 'त्सेत्सिलियुश' किंवा स्पॅनिश 'सेसिलिओ'.

खवचट_काकू

तिसरी मुलगी तेर्तिया, सहावा मुलगा सेक्स्तुस. यांच्याकडे नावाची साइट काढली असती तर पहिल्याच दिवशी बंद पडली असती.

ओसरीवरची

पाचवा क्विंतुस आणि दहावा देकिमुसही आहेत, काकू. गंमत म्हणजे क्विंतुस नावाच्या माणसाला चार मोठे भाऊ असतीलच असं नाही. पुढे ती नुसती नावं झाली, थोरल्यालाही ठेवायचे. वर त्या समाधीच्या पाटीवर मेतेल्लाच्या बापाचं नाव क्विंतुस आलंय ना, मेतेल्लुस घराण्यात क्विंतुसच क्विंतुस आहेत. हे प्रकरण मोठं आहे, पुरुषांच्या नावांवर वेगळा धागा काढते.